कोऱ्या पायांचा शिपाई

तक्ता क्रमांक नऊवरच्या शिपायाला पाय नाहीत. घोटे आहेत. घोट्यांच्या खाली पावलांच्या आकाराची कोरी पांढरी जागा आहे, आणि तिच्या भोवती नीट रंगवलेली लाल माती, मातीत दोन खडे, वाळलेल्या गवताचं एक पातं. ज्यांनी हा तक्ता शाळेच्या भिंतीवर पाहिला असेल त्यांना पहिल्या नजरेला वाटलं असेल की छापताना काहीतरी राहून गेलं. काहीही राहिलेलं नाही. ती जागा कोरी असावी म्हणून एका माणसाने जळगावच्या मे महिन्यात नऊ दिवस जमिनीवर मांडी घालून काम केलं. मी त्याच्या समोर बसले होते.

त्यांना आम्ही सगळे नाना म्हणायचो. जुन्या काळचे सैनिक काढणं हा त्यांचा धंदा. धंदा म्हणायचं ते आपलं म्हणायला. ऐंशीच्या दशकात खानदेशात राजाचं चित्र हवं असलेली मंडळं पुष्कळ होती, शिपायाचं चित्र कोणालाच नको होतं. नानांना मात्र राजा काढायचाच नसे. "राजे काढायला शंभर जण बसलेत," ते म्हणायचे. "राजाच्या मागे जो चालत होता त्याला कोण काढणार?"

मी तेव्हा जळगावच्या एका ऑफसेट प्रेसमध्ये जॉब रजिस्टर सांभाळत होते. कोणाचं काम, कुठला कागद, प्रूफ गेलं का, परत आलं का, माल निघाला कधी, हे सगळं माझ्या वहीत असायचं. नाना धुळ्याला पाचव्या गल्लीत राहायचे आणि पारोळा, एरंडोल करत एसटीने यायचे. चित्रं आणायची त्यांची पद्धत अशी की शेतात पाणी न्यायच्या पीव्हीसी पाइपचा तीन फुटी तुकडा घ्यायचा, चित्र गुंडाळून आत सरकवायचं आणि दोन्ही तोंडांना सायकलच्या ट्यूबचं रबर ताणून बसवायचं. त्या मार्गावरचे कंडक्टर त्यांना ओळखायचे. "नाना, आज कोणाच्या केळीला पाणी?" असं विचारून तिकीट फाडायचे. नाना गंभीरपणे सांगायचे, "तिसऱ्या घोडदळाच्या."

मी वयाने त्यांच्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान, पण त्यांनी पहिल्याच दिवशी मला अक्का करून टाकलं. मी हरकत घेतली. ते म्हणाले, "यादी करणारी बाई वयाने मोठीच असते."

यादीवरूनच आमचं जमलं. कुठलाही सैनिक काढण्याआधी ते एक कागद घेत आणि मधोमध रेघ मारत. डावीकडे त्या माणसाच्या अंगावरची एकेक वस्तू, उजवीकडे तिचा पुरावा. धुळ्यात जुन्या कागदपत्रांचा मोठा संग्रह आहे, तिथे बसून ते मोडी वाचायचे. पुरावा म्हणून जुना कागद चालायचा, त्या काळातलं चित्र चालायचं, हातात घेऊन तोललेलं हत्यार चालायचं. नाटक, सिनेमा, कॅलेंडर आणि "आमचे आजोबा सांगायचे" हे चालायचं नाही. उजवा रकाना भरला की ती वस्तू ते रंगवायचे. नाही भरला, तर चित्रात तेवढी जागा पांढरी सोडायचे. अंदाजाने काही भरायचं नाही, हा त्यांचा नियम. तो त्यांनी कोणासाठीही मोडल्याचं मला आठवत नाही.

धुळ्याच्या एका तालमीने भिंतीवर सरदाराचं चित्र काढायला त्यांना बोलावलं होतं. नानांनी दोन महिने खपून घोडा काढला, खोगीर काढलं, अंगरख्याच्या चुण्या काढल्या. उद्घाटनाच्या दिवशी पडदा बाजूला झाला तर सरदाराच्या नाकाखाली एक पांढरा पट्टा. पैलवान मंडळी आ वासून बघत राहिली. वस्ताद म्हणाले, "नाना, मिशी कुठे गेली?"

"होती का?" नाना म्हणाले.

"सरदार आहे तो! मिशी नसेल का?"

"असेल. पण मिशी वर वळवलेली की खाली, जाड की बारीक, हे कुठे सापडलं नाही. तुमच्याकडे काही कागद असेल तर द्या, उद्या येऊन काढतो."

पैलवानांकडे कागद नव्हता. दुसऱ्या दिवशी सायनबोर्ड रंगवणाऱ्या कोणालातरी बोलावून त्यांनी कानापर्यंत मिशी काढून घेतली. नाना त्या गल्लीतून पुन्हा कधी गेले नाहीत. दूध आणायला रोज अर्धा मैल वळसा घालायचे.

त्या आधी ते धुळ्याच्या एका हायस्कुलात चित्रकला शिकवायचे. निवृत्तीला अकरा वर्षं असताना नोकरी सोडली, कारण शाळेच्या वेळात मोडी वाचायला मिळत नव्हतं. घर चालवलं वहिनींनी. त्या सरकारी दवाखान्यात नर्स होत्या. एकदा मी धुळ्याला प्रूफं घेऊन गेले तेव्हा वहिनींनी शेवभाजी केली होती. वाढता वाढता म्हणाल्या, "आमच्या घरात नवीन चप्पल मागायची कोणाची हिंमत नाही, अक्का. मागितली की हे म्हणणार, तिकडे माझा शिपाई दोन वर्षं ताटकळत उभा आहे, त्याचं आधी ठरू दे."

तो शिपाई म्हणजे हाच, नऊ नंबरचा. सातपुड्याच्या अंगाला असलेल्या एका डोंगरी किल्ल्यावरचा साधा पायदळातला माणूस. त्याच्या अंगावरची प्रत्येक वस्तू नानांनी मिळवली होती, आणि मिळवली म्हणजे अंगावर चढवून पाहिली होती. एकदा भर उन्हाळ्यात ते पागोटं बांधून, पाठीला ढाल, कमरेला लाकडी तलवार, खांद्यावर बंदुकीच्या वजनाचा लोखंडी नळ आणि काखेत घोंगडी घेऊन धुळ्याहून लळिंगच्या किल्ल्यापर्यंत आग्रा रोडने चालत गेले. ढालीचा पट्टा खांद्याला कुठे घासतो ते बघायचं होतं. घाटाच्या खाली हवालदाराने अडवलं.

"काय हो, नाटक कंपनी का?"

"नाही. पायदळ."

"बाकीचे कुठे आहेत?"

"मेले सगळे," नाना म्हणाले. "दोनशे वर्षं झाली."

हवालदाराने त्यांना झाडाखाली बसवून पाणी पाजलं, उन्हाने डोकं फिरलंय असं समजून. संध्याकाळी घरी आल्यावर वहिनींनी खांद्याला मलम लावलं. नानांनी आधी आरशात वळ कुठे उमटलेत ते कागदावर काढून घेतलं, मग मलम लावू दिलं. तक्ता नऊ बघा. शिपायाच्या उजव्या खांद्यावर अंगरखा जिथे विरलेला दाखवलाय, तो नानांचा वळ आहे.

तर अशा माणसाला नाशिकच्या एका शैक्षणिक तक्ते काढणाऱ्या प्रकाशकाने काम दिलं. बारा तक्ते, बारा सैनिक, शाळांच्या भिंतीवर लावायला. छपाई आमच्याकडे. अकरा वर्षं जे काम नाना पाइपमध्ये घालून फिरवत होते ते पहिल्यांदाच लोकांपुढे जाणार होतं. अकरा चित्रं पूर्ण झाली. प्रत्येकाचा उजवा रकाना भरलेला होता. नवव्याचे पाय तेवढे राहिले.

त्या किल्ल्यावरच्या शिपायांना काय काय दिलं याची एक जुनी यादी नानांना मोडीत सापडली होती. पागोटं, अंगरखा, कमरबंद, तलवार, ढाल, बंदूक, दारूचं शिंग, गोळ्यांची पिशवी, चकमक, घोंगडी. जोडे नव्हते.

मी म्हणाले, "मग झालं की. यादीत जोडे नाहीत म्हणजे पायात नव्हते. अनवाणी पाय काढा आणि मोकळे व्हा."

"यादीत नाही म्हणजे नव्हतं, असं कसं?"

"यादी कशासाठी करतात, नाना? जे आहे ते लिहायला. मी इतकी वर्षं तेच करते."

माझ्या टेबलावरच्या काचेखाली एक कागद होता, दोन दिवसांनी यावलला भावाकडे लग्नाला जायचं होतं त्याची तयारी. नानांनी चष्मा लावला आणि बोट ठेवून मोठ्याने वाचायला लागले. साड्या दोन, आहेराची पिशवी, केसांचं तेल, टॉर्च, डोकेदुखीच्या गोळ्या, बसचं वेळापत्रक. तेवीस वस्तू होत्या. शेवटपर्यंत वाचून झाल्यावर त्यांनी विचारलं, "चपला कुठे आहेत?"

"चपला काय लिहायच्या? त्या पायातच असतात."

त्यांनी चष्मा काढला. मलाही मग ऐकू आलं मी काय बोलले ते.

"दोनशे वर्षांनी कोणाला हा कागद सापडला," ते म्हणाले, "तर तो म्हणेल जळगावच्या बाया लग्नाला अनवाणी जायच्या. जे रोजचं असतं ते कोणी लिहीत नाही, अक्का. पुराव्यातली सगळ्यात मोठी भोकं तिथेच असतात."

शिपायाचे पाय कोरे राहिले.

एप्रिलच्या शेवटी प्रकाशकाचं पत्र आलं. अपूर्ण चित्र स्वीकारलं जाणार नाही, बाराही तक्ते पूर्ण हवेत, नाहीतर संच रद्द. जूनमध्ये शाळा उघडायच्या आत माल पोचायला हवा होता. पत्र शेठनी मला दिलं. शेठ म्हणजे आमच्या प्रेसचे मालक, भला माणूस, पण निर्णय घ्यायची वेळ आली की त्यांना बाहेर काम निघायचं. "तुम्ही बघा, ताई," म्हणाले आणि गेले.

मी बघितलं. माझं गणित सरळ होतं. नानांना विचारलं तर ते नाही म्हणणार. ते नाही म्हणाले तर बाराही चित्रं परत पाइपमध्ये जाणार, आणि साठीच्या माणसाला अशी संधी पुन्हा कोण देणार? दोन पावलांसाठी अकरा वर्षं बुडवायची, हे मला पटेना. आमच्या प्रेसमध्ये चित्रं दुरुस्त करणारा एक कारागीर होता. त्याच्याकडून मी एका पारदर्शक फिल्मवर जोडे रंगवून घेतले, ती फिल्म नानांच्या चित्रावर ठेवली आणि कॅमेऱ्याने दोन्हींचा मिळून फोटो काढवला. मूळ चित्राला बोट लागलं नाही. हे मी स्वतःला तेव्हा बऱ्याचदा सांगितलं. जोडे लाल चामड्याचे होते, टोकं वर वळलेली, नाटकात घालतात तसे. नानांना मी प्रूफं पाठवली ती अकराच. नवव्याचं मागाहून येईल असं चिठ्ठीत लिहिलं आणि रजिस्टरमध्येही तेच टाकलं. इतक्या वर्षांत माझ्या रजिस्टरमध्ये मी मुद्दाम केलेली खोटी नोंद ती एकच.

छपाई संपली त्याच दिवशी नाना न कळवता आले. मशीनवरच्या माणसांसाठी वहिनींनी कळण्याच्या भाकरी आणि ठेचा दिला होता. डबा खाली ठेवून ते छापलेल्या गठ्ठ्यांकडे वळले. एक, दोन, तीन असे तक्ते उचलून उजेडात धरत गेले. आठव्याला ते हसले, त्याचा निळा रंग छान उतरला होता. मी त्यांच्या मागे उभी होते. नववा त्यांनी उचलला.

नाना प्रेसमध्ये कायम शुद्ध मराठी बोलायचे, मास्तर होते ना. त्या दिवशी पहिल्यांदा मी त्यांच्या तोंडून त्यांच्या गावाकडची बोली ऐकली. "अक्का," ते म्हणाले, "ह्या जोडा कोना शेतस?"

हे जोडे कोणाचे आहेत. मी सगळं सांगितलं. पत्र दाखवलं. फिल्मचं सांगितलं. सगळा माल वाचावा म्हणून केलं हेही सांगितलं.

ते ओरडले असते तर बरं झालं असतं. ते स्टुलावर बसले आणि तक्ता मांडीवर घेऊन त्या लाल जोड्यांवरून अंगठा फिरवत राहिले. "या माणसाचं नाव माहीत नाही," म्हणाले. "गाव माहीत नाही. कोणाशी लढताना मेला, का म्हातारा होऊन मेला, काही माहीत नाही. त्याच्याविषयी जेवढं खरं सापडलं तेवढंच त्याचं आहे. त्यात तुम्ही हे घातलंत."

मग त्यांनी विचारलं, "असे किती छापले?"

"बाराशे."

"चटई आहे का?"

मला वाटलं त्यांना आडवं व्हायचंय. मी चटई आणून दिली. त्यांनी ती कटिंग मशीनच्या बाजूला अंथरली, शबनम पिशवीतून ब्रश काढले, पांढऱ्या रंगाच्या पुडीची बाटली, डिंक आणि मधाची लहान कुपी काढली, वाटीत घोटून रंग तयार केला आणि पहिला तक्ता पुढ्यात ओढला.

शेठ तेवढ्यात आलेच. "नाना, अहो काय करताय? बाराशे तक्ते आहेत! आणि प्रकाशक ते घेणार नाही."

"न घेऊ दे," नाना मान वर न करता म्हणाले. "घेतले नाहीत तर माझं नुकसान. घेतले आणि खोटे गेले तर त्याचं." त्याचं म्हणजे शिपायाचं.

मी पदर खोचला आणि समोर बसले. काम बघितल्यावर ते वाटून घेता येईल हे माझ्या लक्षात आलं. जोड्यांचा बराचसा भाग कोऱ्या जागेत होता, त्यावर पांढरा द्यायचा. पण वळलेली टोकं बाहेर, मातीवर आली होती. तिथे मातीचाच रंग हवा, खड्यांच्या सावलीशी जुळणारा. "पांढरं मी करते," मी म्हणाले. "माती तुम्ही करा."

त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. पण दुसरा ब्रश माझ्या बाजूला सरकवला.

तिसऱ्या दिवशी ते माझ्याशी बोलायला लागले. जळगावच्या मे महिन्यात ब्रशवरचा रंग कागदापर्यंत पोचेतो सुकतो. आम्ही खिडक्यांना ओली पोती बांधली. रोज किती झाले ते मी भिंतीवर खडूने लिहायची. मशीनवरची माणसं जाता येता विचारायची, "नाना, आज किती जणांचे जोडे काढले?" नाना म्हणायचे, "अक्कांनी घातले, मी काढतोय."

प्रकाशकाचं मात्र बघायला हवं होतं. चित्र अपूर्ण आहे ही त्याची तक्रार. चौथ्या दिवशी मला सुचलं की ते अपूर्ण दिसायलाच नको, विचारलेला प्रश्न दिसायला हवा. मी नानांकडून दोन ओळी लिहून घेतल्या आणि बाजारातून रबरी शिक्का करून आणला. "या शिपायाच्या पायात काय होते याचा पुरावा मिळालेला नाही. कोणास मिळाल्यास कळवावे." खाली प्रेसचा पत्ता. मग नाशिकला ट्रंक कॉल लावला. मी म्हणाले, नववा तक्ता मुलांना प्रश्न विचारणारा केलाय, असा तक्ता दुसऱ्या कोणाकडे नाही. खरखरीतून प्रकाशकाचा आवाज आला, "बाकीचे अकरा पूर्ण आहेत ना?"

"आहेत."

"मग शाळा उघडायच्या आत पोचवा."

मी चटईवर परत येऊन सांगितलं. नानांनी ब्रश धुतला, पुसला, आणि म्हणाले, "चला, अजून साडेसहाशे राहिले."

सातव्या दिवशी पांढरी पूड संपली. जळगावात ती मिळेना, धुळ्यात नानांची स्वतःची संपलेली, मुंबईहून यायला आठवडा. बाहेरगावची पार्सलं मी आधी बांधायला घेतली होती, ती सगळी पूर्ण झाली होती. आपल्या जळगाव आणि धुळे जिल्ह्यातल्या शाळांचे तेवढे एकशे शहाऐंशी तक्ते उरले होते. मी हार्डवेअरच्या दुकानातून भिंतीला द्यायच्या पांढऱ्या रंगाचा डबा आणला. नानांनी चिमटीत घेऊन चोळला.

"हा सुटेल, अक्का."

"कधी?"

"दहा वर्षांत."

"मग दहा वर्षांनी बघू," मी म्हणाले.

ते उठले, माझ्या टेबलापाशी गेले, माझं रजिस्टर उघडून काहीतरी लिहिलं आणि परत येऊन बसले. माझ्या रजिस्टरला दुसऱ्याने हात लावलेला मला खपत नाही. पण त्या आठवड्यात मी काही बोलायच्या परिस्थितीत नव्हते. नवव्या दिवशी दुपारी शेवटचा तक्ता सुकला.

जुलैत पहिलं पोस्टकार्ड आलं. मग येतच राहिली. नशिराबादच्या एका गुरुजींनी लिहिलं की शिपाई देवळात गेला असेल आणि बाहेरून जोडे चोरीला गेले असतील. चोपड्याकडच्या एका मुलीने लिहिलं, चिखलात पाय रुतले असतील म्हणून दिसत नाहीत. साक्रीच्या एका म्हाताऱ्याने गवताच्या वहाणा कशा वळतात ते चित्र काढून पाठवलं. नाना प्रत्येकाला उत्तर द्यायचे. पत्ता आमचा होता, म्हणून महिन्यातून एकदा यायचे आणि माझ्या टेबलाच्या कोपऱ्यावर बसून कार्डं लिहायचे. चिखलवाल्या मुलीला त्यांनी लिहिलं, "तुझा विचार चांगला आहे. पण मग चिखल मला आधी काढावा लागेल, आणि चिखलाचाही पुरावा नाही."

यावलच्या एका चांभाराने तर चामड्याचा आख्खा तळ पाठवला, जुन्या घराच्या माळ्यावर सापडलेला, वाळून लाकडासारखा झालेला. नानांनी तो तीन महिने उशाशी ठेवला. भिंग लावून टाके मोजले, आणखी दोघा चांभारांना दाखवला. शेवटी म्हणाले, "जुना आहे. खरा आहे. पण शिपायाचा आहे असं कोण सांगणार?" आणि तळ साभार परत पाठवला. तो पोस्टात टाकून ते परत आले तेव्हा मी त्यांचा चेहरा बघितला. इतक्या जवळ आलेली गोष्ट परत करायला काय लागतं ते मला तेव्हा दिसलं.

पुढच्या सहा-सात वर्षांत त्यांनी आणखी एकवीस सैनिक काढले. पखालवाले, तोफ ओढणाऱ्या बैलांचे गडी, जखमा बांधणारा न्हावी. त्यातली काही छापली गेली, काही नाही. एका थंडीत नाना गेले. आदल्या दिवशीपर्यंत मोडी वाचत होते. मी धुळ्याला भेटायला गेले तेव्हा वहिनींनी एक बाटली माझ्या हातात दिली. बुचाला मेण लावलेलं, वर कागदाची पट्टी. पट्टीवर फक्त "अक्का" एवढंच.

"कधीपासून कपाटात आहे," वहिनी म्हणाल्या. "कशाला ते मला कधी सांगितलं नाही. तुम्हाला माहीत असेल."

आत पांढरी पूड होती. मला वाटलं आठवण म्हणून दिली. घरी आणून ठेवली.

दोन वर्षांपूर्वी प्रेसने संगणक घेतला आणि जुनी रजिस्टरं रद्दीत काढायचं ठरलं. काढण्याआधी मी एकेक चाळत होते. त्या मे महिन्याच्या पानावर समासात नानांचं अक्षर दिसलं. दिवस, महिना आणि पुढे दहा वर्षांनंतरचं साल. खाली एक ओळ. "अक्कांनी पाय बघणे."

तेव्हा नेमकं तेच साल चालू होतं.

त्या आठवड्यात मी नशिराबादला गेले, सगळ्यात जवळची शाळा म्हणून. तक्ता वर्गात होता, उन्हाने थोडा फिका झालेला. पांढऱ्या रंगाचे पोपडे निघाले होते आणि त्याखालून लाल चामडं वर आलं होतं. मी दिलेला पांढरा सगळा सुटला होता. जोड्यांची वळलेली टोकं मात्र कुठेच दिसत नव्हती. नानांची माती जशीच्या तशी होती.

पाठवणीची यादी माझ्याकडे होतीच. एकशे शहाऐंशी शाळा, तालुक्याप्रमाणे. काही तक्ते फाटून गेलेत, एक शाळाच पडलीय, एका ठिकाणी तक्त्याच्या मागच्या बाजूला पाढे लिहिलेत. बाकी भिंतींवर आहेत. प्रेसला सुट्टी आणि शाळा चालू असेल अशा दिवशी, नाहीतर शनिवारच्या सकाळच्या शाळेत मी जाते. बाटली, डिंक, मध, दोन ब्रश, ओलं फडकं. निघताना करायच्या यादीत पहिल्या क्रमांकावर आता चपला असतात. आजपर्यंत एकशे चार शाळा झाल्या.

गेल्या शनिवारी चोपडा तालुक्यात होते. मुख्याध्यापक तरुण होते, अगत्याने चहा दिला, मी कशासाठी आलेय ते ऐकून घेतलं आणि तक्त्यापाशी घेऊन गेले. जोडे जवळजवळ पूर्ण उघडे पडले होते. ते मान तिरपी करून बघत राहिले.

"मॅडम, खरं सांगू का?" ते म्हणाले. "हे जोडे त्याला शोभतात. राहू द्या की. आता कोणाला काय फरक पडतो?"

"पुरावा आहे?" मी विचारलं.

"कशाचा?"

"त्याने हे घातल्याचा."

ते हसले. पुरावा नव्हता. मी त्यांना एक स्टूल मागितलं. त्यांनी शेजारच्या वर्गातून आणून दिलं आणि पडू नये म्हणून धरून उभे राहिले. मी वाटीत रंग घोटला, चपला काढल्या आणि वर चढले.